‘ऑफ’ म्हणजे फक्त बंद? इंग्रजीतल्या या चुका टाळा

फॅन ऑफ, गॅस ऑफ, मोबाइल स्विच ऑफ, मूड ऑफ. आपल्याकडे हा शब्द इतका रुळलाय की त्याचा अर्थ कुणी डिक्शनरीत बघायला जात नाही आणि गडबड तिथेच होते, कारण आपण घेतलाय तो त्याचा एकच अर्थ, बंद, आणि इंग्रजी बोलणारे लोक तोच शब्द दिवसभरात दहा वेगळ्या कामांना लावतात.

सगळ्यात जास्त फसवतं ते ‘वेन्ट ऑफ’. ‘द लाइट्स वेन्ट ऑफ’ म्हणजे लाइट गेली, इथपर्यंत ठीक. पण ‘द अलार्म वेन्ट ऑफ ॲट फाइव्ह’ म्हणजे पाच वाजता अलार्म वाजला, बंद नाही झाला! बरोब्बर उलटं. बॉम्ब ‘गोज ऑफ’ म्हणजे फुटतो, चुकून बंदुकीचा बार उडाला तरी ‘द गन वेन्ट ऑफ’च म्हणतात. त्यामुळे कुणी ऑफिसला उशिरा येऊन ‘माय अलार्म डिडन्ट गो ऑफ’ म्हणालं तर ‘मग बंद करायचा ना’ असं बोलू नका, बिचाऱ्याचा अलार्म वाजलेलाच नाहीये. आता हेच दुधाला लावा. यूकेत शिकायला गेलेल्या पोराला फ्लॅटमेट फ्रिज उघडून सांगतो ‘द मिल्क्स ऑफ’, पोरगं विचार करतं दूध बंद कसं असेल, आणि तेच दूध चहात ओततं, मग चहा फाटतो. दूध नासलंय, एवढंच सांगत होता तो. आणि ‘आय हॅव गॉन ऑफ टी’ म्हणाला तर चहा खराब नाही झालेला, त्याचं चहावरचं मन उडालंय. अमेरिकेत कुणी ‘शी वेन्ट ऑफ ऑन मी’ म्हणालं तर तिने त्याला धुतलंय, शाब्दिक. ऑस्ट्रेलियात मात्र पार्टी ‘वेन्ट ऑफ’ झाली तर राडा धमाल झाली असं समजा. थोडक्यात क्रियापद तेच, कर्ता कोण ते बघायचं, म्हणजे अलार्म आहे का दूध आहे का माणूस.

‘मूड ऑफ’ आपलं आपल्यात बिनधास्त वापरा, बाहेर मात्र ‘आय ॲम इन अ बॅड मूड’ म्हणतात. पण घाईत नुसतं ‘आय ॲम ऑफ’ टाइप केलंत तर समोरचा ‘बाय’ म्हणेल, कारण त्याचा अर्थ ‘चला, मी निघालो’. ‘आय फील अ बिट ऑफ’ म्हणजे जरा बरं वाटत नाहीये. ‘आय ॲम ऑफ शुगर’ म्हणजे साखर सोडलीये (किती दिवस टिकतं ते सोडा). आणि ब्रिटिश माणूस तुमच्या वागण्याला ‘दॅट्स अ बिट ऑफ’ म्हणाला तर खूश होऊ नका, तुम्ही वागलात ते बरोबर नाही असं तो सभ्यपणे सांगतोय.

सुट्टीचं पण तसंच. ‘डे ऑफ’ म्हणजे सुट्टी, ‘ऑफ डे’ म्हणजे ज्या दिवशी काहीच धड होत नाही तो दिवस, जसं फॉर्ममधला बॅट्समन तीन बॉलमध्ये आउट होतो. परदेशी क्लायंटला ‘टुमॉरो इज माय ऑफ डे’ पाठवलं की त्याला वाटणार हा आत्ताच सांगतोय की उद्या काम खराब होणार. ‘वीकली ऑफ’ आपल्याकडे चालतं, सगळ्यांना कळतं, ते बदलायची गरज नाही.

आता पैशाचं, कारण इथे गैरसमज महागात जातो. बँकेने कर्ज ‘राइट ऑफ’ केलं म्हणजे माफ केलं असं बरेच जण धरून चालतात, टीव्हीवरच्या भांडणातही तेच. तसं नसतं. बँक ते कर्ज आपल्या ताळेबंदातून काढते, वसुली चालूच राहते आणि तुमच्या सिबिल रिपोर्टवर ‘रिटन ऑफ’ असा शेरा बसतो, मग पुढचं लोन मागायला गेलात की कळतं. माफीला ‘वेव्हर’ म्हणतात, ती वेगळी भानगड. इन्शुरन्सवाल्याने यूकेत गाडीला ‘राइट-ऑफ’ म्हटलं तर आपल्याकडच्या भाषेत टोटल लॉस. आणि तिथे गाडी घेताना एमओटी (तिथली गाडीची सक्तीची तपासणी) रिपोर्टवर ‘ऑफसाइड फ्रंट टायर’ लिहिलेलं दिसलं तर फुटबॉल आठवू नका, ती ड्रायव्हरची, म्हणजे उजवी बाजू. डावी ती ‘निअरसाइड’, फुटपाथकडची. ‘ऑफ-लायसन्स’ पाटी दिसली तर लायसन्स रद्द झालेलं दुकान नाहीये ते, दारूचं दुकान आहे, बाटली घ्या आणि बाहेर जाऊन प्या, आत बसून नाही.

राहिलं स्पेलिंग. एक एफवालं आणि दोन एफवालं, मुळात दोन्ही एकच शब्द होते, सतराव्या शतकापर्यंत नीट वेगळे झाले. मराठीत आपण दोन्ही ‘ऑफ’ लिहितो म्हणून घोळ वाढतो, पण एक एफवाल्याचा उच्चार ‘ऑव्ह’च्या जवळचा. त्यामुळे ‘बेस्ट ऑफ लक’मध्ये दोन एफ घालू नका, विशेषतः केकवर लिहून घेताना ऑर्डर वहीत स्वतः लिहून द्या, कारण क्रीम लागल्यावर तो एफ पुसता येत नाही.