शेंबेंच्या शब्बाथाला पाहुणे म्हणून जाताना

दक्षिण आफ्रिकेत डर्बनला नव्यानं आलेली मराठी माणसं मला हमखास विचारतात, शनिवारी सकाळी पांढरे झगे घालून, काखेत चटईची गुंडाळी घेऊन चाललेले हे लोक कोण? आणि त्यांच्या उपासनेला आपल्याला जाता येईल का? जाता येतं. मी नऊ वर्षं अधूनमधून जाते. मी अहमदनगरकडची, मराठी ख्रिस्ती घरातली, इथे परिचारिका आहे. आमच्या वॉर्डातल्या एका गोगोनं मला पहिल्यांदा नेलं. गोगो म्हणजे झुलूत आजी, पण कोणत्याही वयस्कर बाईला आदरानं तसंच म्हणतात. तुम्हीही म्हणा.

आधी कपड्यांवरून मंडळी ओळखायला शिका, कारण इथे स्वतंत्र मंडळ्या, म्हणजे मिशनपासून वेगळी झालेली काळ्या ख्रिस्ती लोकांची चर्चं, हजारो आहेत. छातीवर हिरव्या कापडाच्या तुकड्यावर चांदीचा तारा दिसला, तर तो माणूस झायन ख्रिश्चन चर्चचा. एन्गेनास लेखान्याने यांनी 1924 मध्ये स्थापलेली ही मंडळी. 2001 च्या जनगणनेत जवळपास 50 लाख लोकांनी स्वतःची नोंद तिच्यात केली होती. ईस्टरला ते लिंपोपो प्रांतातल्या मोरियाला जमतात. ताऱ्याऐवजी कबूतर असेल तर ती दुसरी शाखा, 1948 मध्ये संस्थापक वारल्यावर निघालेली. निळे-हिरवे झगे, हातात काठी आणि पहाटे समुद्रात बाप्तिस्मा, ही लहान लहान झायनी मंडळ्यांची खूण. पांढरे झगे आणि तुळतुळीत डोकं, पण दाढी राखलेले पुरुष झाडाखाली बसलेले दिसले, तर ते बहुधा झिंबाब्वेकडचे वापोस्तोरी, म्हणजे प्रेषितपंथी. आणि शनिवारी अनवाणी, पांढऱ्या झग्यात चाललेले ते शेंबेंचे, म्हणजे नाझरेथ बाप्टिस्ट चर्चचे. यशया शेंबे यांनी (इथे इसाया म्हणतात) 1910 मध्ये ही मंडळी उभी केली. पुढचं सगळं त्यांच्याविषयी.

आगंतुकासारखे जाऊ नका. कामावर, शेजारात कोणीतरी शेंबेंचं असतंच, त्यांना विचारा. बोलावणं आलं की कोणत्या शाखेचं ते समजून घ्या. 1976 नंतर घराण्यातल्या वारसावरून मंडळी फुटली. काही इनांडाजवळच्या एकुफाकामेनी या जुन्या ठिकाणी राहिले, बरेचसे एबुह्लेनी या नव्या ठिकाणी गेले, आणि त्यानंतरही वाद झाले. ज्यांच्या घरी जाताय त्यांच्यासमोर दुसऱ्या शाखेची चौकशी नको. भावकीतलं दुखणं आहे ते.

पोशाख पांढरा किंवा अगदी फिका, अंगभर. बायकांनी डोकं झाकायचं. मी सुती साडी नेसते आणि पदर डोक्यावर घेते. आजवर कोणाला खटकलेलं नाही. दारू, तंबाखू, डुकराचं मांस इथे वर्ज्य आहे. सकाळी सिगारेट ओढून जाऊ नका, वास येतो. स्वतःची चटई न्या. चटई नसली तर यजमान आपली देतील आणि स्वतः मातीत बसतील.

आता सर्वांत महत्त्वाचं. देऊळ म्हणजे इमारत नव्हे. उघडं मैदान, काही झाडं, आणि भोवती चुना लावलेल्या दगडांचं कडं. त्या दगडांच्या आत पायात काही नको. पहिल्या खेपेला मी सपाता तशाच ठेवून दगड ओलांडला. गोगो काही बोलली नाही, वाकून माझ्या सपाता तिनं स्वतःच्या हातानं काढल्या. सत्तरीची बाई. मला आजही ते आठवलं की बरं वाटत नाही. जळत्या झुडपापाशी मोशेला जोडे काढायला सांगितलं होतं, तोच हा नियम. शनिवारचा शब्बाथ, म्हणजे विसाव्याचा पवित्र दिवस, तोही पवित्र शास्त्रातल्या आज्ञेतून आलेला. मिशनरींनी हातात दिलेलं शास्त्र या लोकांनी मिशनरींपेक्षा शब्दशः वाचलं, हे लक्षात ठेवलंत तर पुढचं पुष्कळ उमगेल.

बायका एकीकडे, पुरुष एकीकडे. प्रार्थनेला सगळे गुडघे टेकतात, तुम्हीही टेका. गुडघे दुखत असतील तर खाली मान घालून बसलात तरी चालेल. उपासना झुलूत असते आणि बराच वेळ चालते. पुष्कळशी गीतं यशया शेंबे यांची स्वतःची आहेत, त्यांच्या मुलानं 1940 मध्ये ती छापून घेतली. चाल संथ, एकानं उचलायची आणि बाकीच्यांनी मागून यायचं. ते ऐकताना मला आमचे आजोबा आठवतात, पेटीवर ख्रिस्ती कवी टिळकांची भजनं म्हणणारे. ना. वा. टिळकही 1917 मध्ये मिशनची नोकरी सोडून साताऱ्यात आपला दरबार मांडून बसले होते. ख्रिस्त हवा, पण आपल्या सुरात, ही तहान मला ओळखीची आहे. ढोल आणि लांब कर्ण्यांवरचा नाच मात्र शब्बाथाला नसतो. त्यासाठी जुलैतल्या मेळ्याला जा. जानेवारीत न्लांगाकाझी डोंगराची अनवाणी यात्रा असते. वारी केलेल्या माणसाला तिथे परकं वाटणार नाही.

फोन पिशवीत ठेवा. वहीसुद्धा काढू नका, निदान पहिल्या भेटीत. या मंडळ्यांवर गोऱ्या सरकारची नजर फार काळ होती. मंगेना मोकोने यांनी 1892 मध्ये प्रिटोरियात मेथडिस्ट मिशन सोडून इथियोपियन चर्च काढलं, तेव्हापासून काळ्या माणसाचं स्वतंत्र चर्च म्हणजे बंडाची तयारी असा संशय. 1921 मध्ये पूर्व केपमधल्या बुल्हूकला एनॉक म्गिजिमा या धर्मपुढाऱ्याचे पांढऱ्या झग्यातले अनुयायी जमीन सोडेनात, तेव्हा पोलिसांनी गोळीबार करून दीडशेहून जास्त माणसं मारली. टिपणं घेणारा परका माणूस दिसला की म्हातारी माणसं गप्प होतात, ती उगाच नाही. तुम्हाला काय विचारायचं ते घरी, चहाच्या वेळी विचारा.

दान द्यायचं तर उजव्या हातानं, डावा हात उजव्या कोपराला लावून. शब्बाथाला चूल पेटत नाही, त्यामुळे जेवण आदल्या दिवशीचं, गार असतं. सोबत फळं किंवा पाव न्या. गरम करावं लागेल असं काही नको. वाढलेलं थोडं तरी खा.

वेळ उरला तर यजमानांना विचारून परिसर पाहा. गांधीजींचा 1904 चा फिनिक्स आश्रम आणि झुलू पुढारी जॉन दुबे यांची ओह्लांगे शाळा जवळच आहेत. याच दुबेंनी 1936 मध्ये शेंबे यांचं चरित्र लिहिलं. 1913 च्या जमीन कायद्यानं काळ्यांना देशातली जेमतेम सात टक्के जमीन ठेवली होती. त्या काळात शेंबे यांनी आपल्या लोकांसाठी जमिनी विकत घेतल्या. एकुफाकामेनीत उभं राहिलं की हे कळतं, वाचून कळत नाही.

निघताना दगडांचं कडं ओलांडून बाहेर आल्यावरच चपला घाला, आत हातात घेऊन चाला. गोगो फाटकापर्यंत सोडायला येईल. तिच्यासाठी थांबा, ती सावकाश चालते.