गुऱ्हाळात मुलाखतीचा आवाज असा वाचवा

दोघातिघांची टीम, साउंड रेकॉर्डिस्ट नाही, आणि कॅमेऱ्याच्या माइकमध्ये गुळव्याच्या बोलण्याआधी चरकाचा खडखडाटच भरतो. कोल्हापूर भागात गुऱ्हाळावर डॉक्युमेंटरी करणाऱ्यांनी एक जादा फोन रेकॉर्डर म्हणून वापरावा.

१. फोन फ्लाइट मोडवर टाकून त्याला साधा कॉलर माइक जोडा. माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर, सदऱ्याच्या बाहेरून लावा. आतून लावला की कापड घासतं आणि ती खरखर नंतर काही केल्या जात नाही. फोन गुळव्याच्या खिशात.

२. फोनच्या रेकॉर्डिंगचा सॅम्पल रेट, म्हणजे आवाज टिपण्याचा दर, ४८ किलोहर्ट्झवर ठेवा.

३. कॅमेरा आणि फोन दोन्ही सुरू झाले की कॅमेऱ्यासमोर एक टाळी. एडिटिंगला दोन्ही रेकॉर्डिंगमधली टाळीची टोकं जुळवायची. मुलाखत लांबली तर शेवटीही टाळी द्या, कारण फोनचा आवाज चित्रापासून हळूहळू सरकतो.

४. उठण्याआधी सगळ्यांनी गप्प राहून अर्धा मिनिट नुसता तिथला आवाज घ्या. कट झाकायला तोच लागतो.

रस काहिलीत पडून चरक थांबला की बोलतं करा. पाक उतरायच्या वेळी मात्र गुळव्याला अजिबात अडवू नका.

कॅमेरा बंद केला तरी फोन चालूच असतो. हे त्याला आधीच सांगा, आणि काम संपताच माइक काढून घ्या.