गेम शोचा निर्माता व्हायचंय? आधी प्रश्नांच्या टेबलावर बसा

"मॅडम, शूटला येऊन नुसतं उभं राहू का? शिकायला मिळेल." असं विचारणाऱ्या मुलांना मी रिसर्च टीमकडे पाठवते. मुलं हिरमुसतात, कारण तिथे ना सेलिब्रिटी असतात ना कॅमेरा. पण गेम शोचा निर्माता तिथेच घडतो.

एक प्रश्न घ्या : महाराष्ट्रातला सर्वांत मोठा जिल्हा कोणता? सोपा वाटतो. पण मोठा म्हणजे क्षेत्रफळाने की लोकसंख्येने? क्षेत्रफळाने असेल तर अहिल्यानगर. लोकसंख्येने म्हणाल, तर २०११च्या जनगणनेत ठाणे पहिला होता. पण २०१४ साली त्यातून पालघर वेगळा निघाला. म्हणजे स्पर्धक "ठाणे" म्हणाला आणि तुम्ही त्याला बाद केलंत, तर तो भांडणार, आणि त्याचं बरोबर असणार. म्हणून प्रत्येक प्रश्नाला दोन स्वतंत्र आधार शोधा. चुकीचे तीन पर्यायही खरोखर चुकीचे आहेत ना, हे तितक्याच कसून तपासा. नवी मुलं नेमकं हेच विसरतात.

मग खेळ. मोठ्या फॉरमॅटमध्ये तुमच्या हातात फार काही नसतं. २००० साली आलेला 'कौन बनेगा करोडपती' १९९८च्या ब्रिटिश कार्यक्रमावरून, हक्क घेऊन केलेला. अशा कार्यक्रमाचं 'बायबल' असतं. प्रकाश कधी मंद करायचा, संगीत कुठे चढवायचं, सगळं त्यात लिहिलेलं. ते जरूर वाचा, पण सराव करायचा तर 'होम मिनिस्टर'कडे बघा. २००४मध्ये सुरू झालेला कार्यक्रम, सेट म्हणजे कुणाच्या तरी घरातला हॉल, बक्षीस पैठणी, आणि खेळ असे की सासूबाईंना समजावून सांगावे लागत नाहीत. माझ्या मते हे करोडपतीपेक्षा अवघड आहे.

तेव्हा छोट्या खोलीत मावेल असा एक खेळ रचा. नियम एका पानात बसवा. मग तो स्पॉटदादांना, अकाउंट्सच्या ताईंना खेळायला द्या आणि स्वतः तोंड बंद ठेवा. ते जिथे अडतील तिथे नियम कच्चा आहे. बरोबरी झाली तर काय, मध्येच वीज गेली तर काय, फुगा आपोआप फुटला तर काय, हे शूटच्या आधी कागदावर हवं. सेटवर ठरवलेला नियम हरणाऱ्याला नेहमी पक्षपात वाटतो.

दहा हजार रुपयांवरच्या बक्षिसावर ३० टक्के कर कापला जातो, हेही स्पर्धकाला आधीच मराठीत लेखी द्या. बक्षीस गाडी असेल तर आधी कराचे पैसे, मगच किल्ली. जिंकलेल्या माणसाला हे स्टेजवरून उतरल्यावर सांगणं म्हणजे छळ आहे.

विनोदी कार्यक्रमाचं गणित वेगळं. तिथे लेखक लागतात, आणि ते सोशल मीडियावर शोधण्यापेक्षा पुरुषोत्तम करंडक, सवाई अशा एकांकिका स्पर्धांना जाऊन बसा. संवादावर हशा आला की वहीत लेखकाचं नाव लिहा. नटाचं नाव सगळेच लिहितात. २०१८पासूनची 'महाराष्ट्राची हास्यजत्रा' बघा : सचिन गोस्वामी आणि सचिन मोटे या जोडीने एकच कलाकारसंच धरून ठेवला, त्यामुळे स्किट त्या त्या नटाच्या लकबीवर बेतता येतं.

स्किटच्या वाचनाला स्टॉपवॉच घेऊन बसा. टेबलावर आठ मिनिटांत संपलेलं स्किट स्टेजवर हशांमुळे लांबतं, म्हणून कात्री वाचनातच लावा, एडिटवर सोडू नका. तिसऱ्या वाचनापर्यंत युनिटमधल्या सगळ्यांना विनोदाचे पंच पाठ झालेले असतात. त्यांच्या हसण्यावर विसंबू नका, कुणीतरी नवा माणूस आणून बसवा. आणि एपिसोडची बँक, म्हणजे आधीच शूट करून ठेवलेले एपिसोड, भरलेली ठेवा. नट आजारी पडतो, लेखक आटतो, पण टेलिकास्ट थांबत नाही.

गुरुवारी टीआरपी येतो. एकूण आकडा चॅनेलवाले बघतील. तुम्ही मिनिटामिनिटाचा आलेख मागून घ्या आणि तो एपिसोडशेजारी ठेवून, प्रेक्षक कुठे उठून गेले ते बघा. बहुतेक वेळा ते सूत्रसंचालक नियम समजावत असताना गेलेले असतात.

नोकरी मागायला येताना बायोडेटा एका पानाचा पुरे. सोबत एका खेळाचे नियम, तपासलेले वीस प्रश्न आणि एक स्किट आणा. स्किट मी तुमच्यासमोर मोठ्याने वाचून घेते, तेव्हा ते स्वतःच लिहिलेलं असू द्या.