कोट्स घराण्याच्या लुप्त पदव्या शोधताना या चुका टाळा

शिवणाच्या डब्यात मदुरा कोट्सचं रीळ असतं, पण त्या नावामागचं स्कॉटलंडच्या पेझलीतलं दोरा बनवणारं घराणं शोधायला फारसं कुणी जात नाही. जे जातात, ते हमखास पदव्यांच्या गुंत्यात अडकतात.

‘कोट्सांची पदवी’ असं एकवचनात लिहू नका. थॉमस ग्लेन-कोट्स 1894 मध्ये बॅरोनेट (वंशपरंपरागत ‘सर’) झाले, त्यांचे चुलतभाऊ जेम्स 1905 मध्ये बॅरोनेट झाले आणि थॉमसचे सख्खे भाऊ जॉर्ज 1916 मध्ये बॅरन ग्लेनटॅनर, म्हणजे लॉर्ड. सनदा (पदवी देणारी राजपत्रं) तीन, मूळ पुरुषही तीन. यांतली 1894 ची पदवी 1954 मध्ये संपली, 1916 ची 1971 मध्ये.

सगळ्यात मोठी चूक पुढची. ‘घराण्यात पुरुष उरला नाही, म्हणून पदवी लुप्त झाली’ हे वाक्य बिनदिक्कत छापलं जातं. 1954 मध्ये जेम्स यांच्या शाखेत बॅरोनेट होताच की! सनदेत घराणं मोजत नाहीत. ज्याला सनद मिळाली त्याच्या औरस पुत्रांचा पुरुषवंश मोजतात. दुसरे बॅरन ग्लेनटॅनर वारले तेव्हा मागे एकुलती एक मुलगी होती. ग्लेन टॅनरची इस्टेट तिच्याकडे गेली, पदवी नाही. चुलत घराण्यातला कोट्स पुढे येऊ शकत नव्हता, कारण तो पहिल्या बॅरनचा वंशज नव्हता. दत्तक घेऊन गादी चालवायची सोयही नाही.

मग काही घराण्यांत काका वारस कसा होतो? उत्तर याच घरात आहे. पहिल्या बॅरनची मुलगी मॉड वेलिंग्टनच्या ड्यूकांकडे दिली होती. असईच्या लढाईतल्या आर्थर वेलस्लीचं हे घर. तिचा अविवाहित मुलगा, सहावा ड्यूक, 1943 मध्ये इटलीत सालेर्नोला मारला गेला आणि पदवी त्याच्या काकाकडे गेली. काका पहिल्या ड्यूकच्या पुरुषवंशातला होता, एवढंच कारण. त्याच घराण्याची स्पेनमधली पदवी मात्र बहिणीला मिळाली, म्हणजे नियम देशागणिक आणि सनदेगणिक बदलतो.

नावामागे ‘सर’ दिसलं की वंशपरंपरागत समजू नका. जेम्सचे वडील सर पीटर कोट्स नुसते नाइट, म्हणजे स्वतःपुरते ‘सर’ होते. ती पदवी त्यांच्याबरोबरच गेली. बॅरोनेटचं ‘सर’ मुलाकडे जातं, मुंबईच्या जीजीभॉय घराण्यात 1857 पासून चालत आलं तसं. पण बॅरोनेट म्हणजे लॉर्ड नव्हे, त्याला हाउस ऑफ लॉर्ड्समध्ये जागा नसते. म्हणूनच सर थॉमस 1906 मध्ये निवडणूक लढवून हाउस ऑफ कॉमन्समध्ये बसू शकले.

तारखा जुळत नसतील तर आधी थॉमस तपासा. आजोबा थॉमस (मृत्यू 1883, पदवी नाही), मुलगा सर थॉमस (1922), नातू सर थॉमस (1954) आणि जॉर्जचा मुलगा थॉमस, दुसरा बॅरन (1971). 1908 च्या ऑलिम्पिकमध्ये ‘हेरा’ नौकेवर सुवर्णपदक मिळवलं ते नातवाने. तेव्हा वडील हयात होते, त्यामुळे त्या वर्षीच्या नोंदीत त्याच्या नावामागे ‘सर’ सापडणार नाही. नोंद चुकली असं समजून दुरुस्त करायला जाऊ नका.