बनावट बातमीवरच्या विकिपीडिया लेखाचा रिव्ह्यू कसा करायचा

आमच्या गोव्यातल्या डिचोलीत १६४०-४१ साली पोर्तुगीज आणि मराठा साम्राज्याचं युद्ध झालं असा एक लेख इंग्रजी विकिपीडियावर होता, २००७ मध्ये आला आणि डिसेंबर २०१२ मध्ये उडवला, म्हणजे पाच वर्षं टिकला आणि वर 'चांगला लेख' असा दर्जापण मिळवला. असं युद्ध झालंच नव्हतं. शिवरायांचा जन्म १६३० चा, म्हणजे तेव्हा ते दहा वर्षांचे, राज्याभिषेक १६७४ चा, आणि डिचोली तेव्हा आदिलशाहीत. इथल्या शाळेतल्या पोरानेसुद्धा बोट ठेवलं असतं. लेखाखाली संदर्भ म्हणून दिलेली पुस्तकं शेवटी एकाने शोधायला घेतली तेव्हा ती कुठेच सापडेनात, मग लेख गेला. म्हणून मी सगळ्यांना सांगतो, गोव्याशी संबंधित लेख रिव्ह्यूला, म्हणजे दर्जा देण्याआधी दुसऱ्या संपादकाकडे तपासायला, आला की आपण पुढे व्हायचं.

आता लेख एखाद्या बनावट बातमीवरच असेल तर काम अजून नाजूक. आपल्याकडचंच उदाहरण घ्या, जून २००८. योहान बाख नावाचा ८८ वर्षांचा नाझी गुन्हेगार गोव्याच्या सीमेजवळ पकडला अशी बातमी देशातल्या वृत्तपत्रांत छापून आली, आणि ती पेनप्रिक्स नावाने लिहिणाऱ्या गोव्यातल्याच मंडळींनी पत्रकं पाठवून घडवून आणली होती, पेपरवाले खातरजमा करतात का ते बघायला.

पहिलं म्हणजे सुरुवातीचं वाक्य. 'योहान बाख हा नाझी गुन्हेगार होता' असं कुठेही दिसलं तर लगेच थांबवा, कारण बरेच लोक तेवढंच वाचून जातात. 'योहान बाख प्रकरण ही जून २००८ मध्ये भारतीय वृत्तपत्रांत छापली गेलेली बनावट बातमी होय' असं पाहिजे. पुढे गोष्ट सांगताना क्रियापदांवर डोळा ठेवा. 'त्याला पकडलं' नाही, 'पकडल्याचं पत्रकात म्हटलं होतं'. लेखक चार ओळी नीट लिहितो आणि पाचव्या ओळीत तो माणूस खरा असल्यासारखा चालायला लागतो, हे फार वेळा होतं.

मग संदर्भ, आणि इथे वेळ द्या, घाई करू नका. वहीत दोन रकाने पाडा. एकात ज्यांनी ती बातमी छापली ते पेपर, दुसऱ्यात ज्यांनी नंतर ती खोटी असल्याचं सांगितलं ते. पहिल्या रकान्यातला पेपर फक्त 'असं छापलं होतं' एवढ्यालाच पुरावा, बाकी कशालाच नाही. बनाव करणाऱ्यांनी स्वतःच्या हेतूबद्दल जे सांगितलं तेपण 'त्यांच्या म्हणण्यानुसार' म्हणूनच यायला हवं. लिंक मेलेली असेल तर पणजीला पाटोवर मध्यवर्ती ग्रंथालयात जाऊन जुने अंक मागा, तारीख आधी लिहून न्या. आणि संदर्भाची तारीख विकिपीडियावरच्या लेखानंतरची असेल तर सांभाळून, कारण पत्रकाराने विकिपीडियावरूनच उचललेलं असू शकतं, मग आपलंच वाक्य आपल्याला पुरावा म्हणून परत मिळतं.

जे स्वतः तपासता येतं ते तपासाच. त्या पत्रकात जर्मन गुप्तचर यंत्रणा म्हणून 'पेरुस नार्कप' असं नाव होतं, आणि ते 'सुपर प्रँक'ची अक्षरं फिरवून केलंय असं सांगतात. कागदावर रोमन लिपीत दोन्ही लिहा आणि एकेक अक्षर खोडा: पी दोन, आर दोन, एस, यू, ई, ए, एन, के एकेक. दहाच्या दहा जुळतात. पण जुळलं म्हणून संदर्भ नको असं नाही, तो मागायचाच.

'सगळ्या वृत्तपत्रांनी', 'देशभर खळबळ' असले शब्द आले की कोणत्या, किती, कोण म्हणतं ते विचारा. मंगळावरच्या जीवांनी पृथ्वीवर हल्ला केल्याच्या १९३८ च्या अमेरिकेतल्या रेडिओ नाटकाने देश घाबरला असं अजून लिहितात, पण ती घबराट पेपरांनीच फुगवली होती असं नंतरच्या अभ्यासकांनी दाखवलंय. फसलेल्या बातमीदारांची नावं मात्र गरज नसेल तर काढायला सांगा, ती जिवंत माणसं आहेत, नोकरी करतायत.

शेवटी लेखाच्या चर्चापानावर, म्हणजे संपादक लेखाबद्दल बोलतात त्या पानावर, लिहिताना 'संदर्भ सुधारा' असं मोघम नको. वाक्य जसंच्या तसं उचला, काय अडतंय ते सांगा, पर्यायी वाक्य द्या, आणि कोणते संदर्भ उघडून वाचले, कोणते मिळाले नाहीत तेपण लिहा, म्हणजे पुढचा माणूस तिथूनच सुरू करेल. लेखकाने बदल केले की नवीन जोडलेले संदर्भ परत उघडा.