ओसरीवर सांगायची ऑसरीची गोष्ट

आयर्लंडच्या माणूस-लांडग्याची गोष्ट खानापूर-निपाणीकडच्या पोरांना सांगायची तर आधी पौर्णिमा आणि चांदीची गोळी बाजूला ठेवा. ते सिनेमातलं. पौर्णिमा आली की पोरं हडळीवर घसरतात आणि गोष्ट हातची जाते.

वेल्सच्या जेराल्ड नावाच्या धर्मगुरूने 1188 च्या सुमारास लॅटिनमध्ये लिहिलेली हकीकत धरा. पंचवीस मिनिटं पुरतात.

पहिली चार-पाच मिनिटं शापाला. ऑसरी हे तिथलं जुनं राज्य, आजच्या किलकेनीच्या भागातलं. देवळाच्या ओसरीवर बसून नुसतं ‘ऑसरी’ म्हटलं तर हशा पिकणारच. ‘ऑसरीचं राज्य’ म्हणा. नाताळिस नावाच्या संताचा शाप असा, की तिथली एक बाई आणि एक पुरुष सात वर्षं लांडगा होऊन रानात राहणार. वाचली तर माघारी येणार, त्यांच्या जागी दुसरी दोघं जाणार. इथे ‘दोघं’ म्हणायला विसरलात, तर पुढे दुसरा लांडगा कुठून आला हे कुणालाच कळत नाही.

निम्मा वेळ रानाला द्या. अल्स्टरहून मीथकडे निघालेला पाद्री, सोबत एक पोरगा, झाडाखाली शेकोटी. लांडगा येतो तो ‘भिऊ नका’ म्हणतच. आवाज घोगरा काढू नका, थकल्या माणसाचा ठेवा. त्याची जोडीदारीण मरायला टेकलीय, तिला शेवटचा प्रसाद हवाय. त्याचं लॅटिन नाव व्हियाटिकम, म्हणजे वाटेची शिदोरी. ‘आपल्यात शेवटी गंगाजळ, तुळशीपत्र घालतात तसं’ एवढं पुरे. मागे बसलेल्या आज्याही पुढे सरकतात. पाद्री म्हणतो, माझ्याजवळ नाही. लांडगा त्याच्या गळ्यातल्या पिशवीकडे पंजा करतो. मग लांडगिणीचं कातडं डोक्यापासून बेंबीपर्यंत मागे ओढतो. आत म्हातारी बाई. रक्त घालू नका, आणि इथे जरा गप्प बसा. पाद्री प्रसाद देतो. लांडगा रात्रभर शेकोटीशी बसतो, सकाळी वाट दाखवतो.

अशा माणसाला आयरिशमध्ये फाओलाध म्हणतात. लिहिताना शेवटी ‘ध’ येतो, बोलताना येत नाही. तो पोराबाळांचा राखणदार, असं इंटरनेटवर फार फिरतं. जुन्या आयरिश मजकुरात मात्र ऑसरीचे लांडगे गुरं फाडतात. मेंढरं बसवणाऱ्यांच्या गावात हे पटकन पटतं.

स्कॉटलंडचा वुल्वर याच बैठकीत कोंबू नका. शेटलंड बेटांवरचा, लांडग्याच्या डोक्याचा, गरिबाच्या खिडकीत मासे ठेवून जाणारा. लहानग्यांना गोड लागतो. पण तो छापून आला 1932 मध्ये, जेसी सॅक्सबी यांच्या पुस्तकात. ब्रायन स्मिथ या शेटलंडच्याच अभिलेखपालाने 2021 मध्ये दाखवलं, की एका टेकडीच्या नावावरून तो रचलेला दिसतो आणि त्या नावातला मूळ शब्द लांडग्याचा नसून परीचा. सांगा, पण ‘हजार वर्षांची दंतकथा’ म्हणून नको.

शेवटी कुणीतरी विचारतंच, मग त्या पाद्र्याचं काय झालं? उत्तर तयार ठेवा: बिशपने धर्मसभा भरवली आणि कागदपत्रं देऊन त्याला पोपकडे धाडलं.