पोलिश सरदारांची कुलचिन्हे कशी वाचावीत

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात, १९४३ ते १९४८ या वर्षांत, कोल्हापूरजवळच्या वळिवड्याला सुमारे पाच हजार पोलिश निर्वासितांची छावणी होती आणि त्यांच्यातल्या आजारी व अशक्त मुलांना हवापालटासाठी पाचगणीला ठेवले जात असे. त्यामुळे सातारा जिल्ह्यातल्या एखाद्या जुन्या घरात पोलिश वस्तू निघाली तर त्यात आश्चर्य नाही. साताऱ्यातील एका परिचित कुटुंबाकडे असाच एक चांदीचा चमचा आहे. त्यांचे आजोबा पाचगणीला घरोघर दूध घालत असत आणि मायदेशाच्या वाटेवर निघालेल्या एका पोलिश बाईने तो त्यांना दिला, एवढीच हकीकत घरात शिल्लक राहिली आहे. बाईंचे नाव कोणालाही आठवत नाही. दांड्याच्या मागच्या बाजूस हरभऱ्याच्या डाळीएवढी एक ढाल, म्हणजे सरदारी कुलचिन्हाची आकृती, कोरलेली आहे. ती वाचताना माझी जी चूक झाली आणि ती जशी सुधारली, त्याच क्रमाने ही माहिती देत आहे.

वस्तू हाती आल्यावर ती घासूनपुसून लखलखीत करण्याचा मोह प्रथम आवरावा. चांदीवर धरलेला काळेपणा कोरीव रेषांत साचतो आणि त्यामुळेच बारीक रेघ डोळ्यांना दिसते. रांगोळीने किंवा दंतमंजनाने घासल्यास काळेपणाबरोबर रेघही झिजते. सोनाराचे भिंग घ्यावे, खोलीत अंधार करून विजेरीचा झोत अगदी आडवा सोडावा आणि वस्तू हळूहळू फिरवत पाहावे. त्यानंतर पातळ कागद वर ठेवून मऊ पेन्सिलीने हलका ठसा घ्यावा. वस्तू मुद्रेची अंगठी असेल तर तिच्यावरची आकृती उलटी कोरलेली असते, म्हणून लाखेवर उमटवलेला ठसाच खरा मानावा. याशिवाय एक संकेत ध्यानात ठेवावा: ढालीची उजवी आणि डावी बाजू ती हाती धरणाऱ्याच्या दृष्टीने मोजतात, त्यामुळे पाहणाऱ्याची डावी ती ढालीची उजवी ठरते.

यानंतर रंग पाहावेत. धातूवर रंग नसतो, परंतु सतराव्या शतकापासून युरोपात रंगांऐवजी रेघा कोरण्याची पद्धत रूढ झाली. आडव्या रेघा म्हणजे निळा, उभ्या रेघा म्हणजे तांबडा, ठिपके म्हणजे सोने, कोरी जागा म्हणजे चांदी, आडव्या-उभ्या रेघांची जाळी म्हणजे काळा, आणि पाहणाऱ्याच्या डाव्या वरच्या कोपऱ्याकडून उजव्या खालच्या कोपऱ्याकडे उतरणाऱ्या तिरप्या रेघा म्हणजे हिरवा. पोलिश ढालींची भूमी, म्हणजे आकृतीमागची पार्श्वभूमी, बहुधा तांबडी किंवा निळी आणि तिच्यावरील आकृती बहुधा सोनेरी किंवा रुपेरी असते. पश्चिम युरोपातल्या ढालींचे जसे चार-चार, आठ-आठ भाग पाडलेले दिसतात तसे येथे क्वचितच आढळतात. एक भूमी आणि तिच्यावर नाल, बाण, क्रूस, चंद्रकोर किंवा तारा यांची साधी जुळणी, हेच त्यांचे मूळ वळण आहे. आमच्या चमच्यावर भूमीत आडव्या रेघा होत्या आणि आकृतीवर ठिपके होते. म्हणजे निळ्यावर सोने.

आकृतीपाशी माझी फसगत झाली. वर तोंड करून असलेली एक कोर आणि तिच्या पोटात चांदणीसारखे काहीतरी, असे मला दिसले. ज्याने आपल्याकडच्या वीरगळांवर आणि शिलालेखांच्या माथ्यावर चंद्रसूर्य पाहिले आहेत, त्याचा डोळा अशा जागी चंद्रच पाहणार. निळ्या भूमीवर सोन्याची कोर आणि तिच्यावर सहा टोकांचा सोन्याचा तारा हे ‘लेलिवा’ नावाचे प्रसिद्ध पोलिश कुलचिन्ह आहे, म्हणून मी तसे सांगूनही टाकले. आठ दिवसांनी आडव्या झोतात पुन्हा पाहिले तेव्हा लक्षात आले की कोरीची टोके निमुळती होत गेलेली नाहीत, तर बोथट आहेत, आणि तिच्या पाठीवर खिळ्यांची सूक्ष्म भोके आहेत. तो चंद्र नव्हता, घोड्याची नाल होती; आणि आतली चांदणी म्हणजे झिजून आखूड झालेला क्रूस होता. निळ्या भूमीवर टोके वर असलेली सोन्याची नाल आणि तिच्या पोटात सोन्याचा क्रूस, हे चिन्ह ‘यास्त्शेंब्येत्स’ या नावाने ओळखले जाते. रंग दोन्हींत एकच असल्यामुळे रेघांनी काहीही मदत केली नाही. म्हणून चंद्र की नाल हा प्रश्न नेहमी टोकांवरून सोडवावा.

नाल निश्चित झाली तरी काम संपत नाही, कारण नाल असलेली कुलचिन्हे अनेक आहेत आणि त्यांच्यातला फरक नालेची टोके वर की खाली, क्रूस किती आणि कोठे, एवढ्यावरच असतो. नालेची टोके खाली आणि क्रूस तिच्या माथ्यावर असेल तर ‘पोबुग’ असते; त्या क्रूसावर चोचीत अंगठी धरलेला कावळा बसला असेल तर ‘श्लेपोव्रोन’ असते; एक क्रूस माथ्यावर आणि एक पोटात असेल तर ‘लुबिच’ असते. अशा वेळी ढालीच्या वरचा भाग उपयोगी पडतो. ढालीवर शिरस्त्राण, त्यावर मुकुट आणि मुकुटातून निघालेला तुरा अशी ही मांडणी असते आणि तुऱ्याला पोलिश भाषेत ‘क्लेयनोत’, म्हणजे रत्न, म्हणतात. पुष्कळ घराण्यांचा तुरा शहामृगाच्या पिसांचा असल्याने त्यावरून निवाडा होत नाही, परंतु जेथे तो वेगळा असतो तेथे तोच साक्षीदार ठरतो. लेलिवाचा तुरा मोरपिसांचा असतो आणि त्यावर पुन्हा चंद्र-तारा असतो. पोबुगच्या मुकुटातून शिकारी कुत्रा डोकावतो. यास्त्शेंब्येत्सच्या मुकुटावर ससाणा असून त्याच्या पायांत घुंगरू आणि पंजात क्रूसासह नाल असते. चमच्यावरच्या तुऱ्यात पिसारा नव्हता, पंख उचललेला एक पक्षी होता. शंका फिटली.

मुकुट दिसला म्हणजे राजघराणे, असा अर्थ मात्र कोणी लावू नये. पोलंडमध्ये साध्या सरदाराच्या शिरस्त्राणावरही मुकुट असे. ‘श्लाख्ता’ म्हणजे तेथील सरदारवर्ग कायद्याने आपसांत समान मानला जात असे आणि चार बिघ्यांचा धनी असलेला सरदारही सुभेदाराच्या बरोबरीचा, अशा अर्थाची म्हण तेथे आजही ऐकू येते. १७७२, १७९३ आणि १७९५ अशा तीन वेळा देशाची वाटणी झाल्यानंतर अनेकांनी ऑस्ट्रिया, प्रशिया आणि रशियाच्या दरबारांतून पदव्या मिळवल्या, आणि ढालीच्या लगेच वर नऊ मोत्यांचा काउंटचा मुकुट दिसू लागला. असा मुकुट असेल तर वस्तू बहुधा त्या नंतरच्या काळातली समजावी.

आता सर्वांत महत्त्वाचा मुद्दा. कुलचिन्हाला पोलिश भाषेत ‘हेर्ब’ म्हणतात आणि एकच हेर्ब शेकडो निरनिराळ्या आडनावांची घराणी वापरतात. इंग्लंडात ढाल एका घराण्याची असते, येथे ती जणू कुळीची असते. मराठी वाचकाला हे समजावून सांगायला देवकाचा दाखला पुरेसा आहे: पंचपल्लव किंवा कळंब हे देवक ज्यांचे असेल अशी आडनावे अनेक असतात आणि देवक कळले म्हणून आडनाव कळत नाही. दाखला येथवरच चालतो, कारण आपल्याकडे एका देवकात सोयरीक होत नाही, तर एका हेर्बच्या दोन घराण्यांत रक्ताचा संबंध असेलच असे नाही आणि त्यांच्यात लग्ने सर्रास होत. १४१३ मध्ये होरोद्वो येथे झालेल्या करारात पोलिश घराण्यांनी लिथुआनियाच्या ४७ घराण्यांना आपापल्या हेर्बमध्ये दत्तक घेतल्यासारखे सामावून घेतले, यावरून ही कल्पना किती मोकळी होती ते दिसते. म्हणूनच पोलिश माणूस आडनावापुढे ‘हेर्बू’ हा शब्द लावून कुलचिन्हाचे नाव सांगत असे. कादंबरीकार जोसेफ कॉनरॅड हे मूळचे कोझेन्योव्स्की, हेर्बू नावेंच, आणि १६८३ मध्ये व्हिएन्नाचा वेढा उठवणारा राजा यान सोब्येस्की हा हेर्बू यानिना. यानिनाची आकृती ढालीत ढाल अशी आहे. आकाशातल्या ‘ढाल’ या तारकासमूहाला हेवेलियस या खगोलशास्त्रज्ञाने नाव दिले तेही याच राजाच्या सन्मानार्थ.

उलट दिशेने, म्हणजे आडनावावरून हेर्ब ठरवणे, त्याहून धोक्याचे आहे. एकाच आडनावाची घराणी वेगवेगळ्या हेर्बची असतात आणि ‘-स्की’ने संपणारे प्रत्येक आडनाव सरदाराचे नसते. आडनाव टाइप केले की कुलचिन्ह छापलेला कप घरपोच देणाऱ्यांपासून दूर राहावे. नोंदी मिळाल्या तर चर्चच्या लॅटिन वह्यांतील नावामागचे विशेषण पाहावे: ‘नोबिलिस’ किंवा ‘जेनेरोसुस’ असेल तर सरदार, ‘फामातुस’ असेल तर शहरी व्यापारी किंवा कारागीर, आणि ‘लाबोरिओसुस’ असेल तर कष्टकरी शेतकरी. वळिवड्याला आलेल्यांत शेतकरी, वनरक्षक, शिक्षक असे सर्व थरांतले लोक होते, हेही विसरू नये.

हेर्बांच्या उगमकथा ऐकाव्यात, पण त्यांवर निर्णय करू नये. तांबड्या भूमीवर तीन सोन्याचे भाले असलेल्या चिन्हाला ‘येलिता’, म्हणजे आतडी, म्हणतात. १३३१ च्या प्वोव्त्से येथील लढाईत तीन भाले लागून आतडी बाहेर आलेल्या फ्लोरियान शारी या शिपायाला राजा वोक्येतेकने हे चिन्ह दिले, अशी कथा आहे. ‘फार वेदना होत असतील,’ असे राजा म्हणाला तेव्हा, ‘वाईट शेजाऱ्याचा त्रास याहून मोठा,’ असे उत्तर त्याने दिले म्हणतात. मात्र या चिन्हाचे जुने नाव ‘बकऱ्याची शिंगे’ या अर्थाचे आहे आणि तुऱ्यात आजही बकरा आहे, तेव्हा कथा मागाहून जोडली गेली असावी असे माझे मत आहे. भाटांची कवने ज्याने ऐकली आहेत त्याला यात नवे काही वाटणार नाही.

चमचा आता त्याच घरी कापडात गुंडाळून ठेवला आहे. सोबतच्या चिठ्ठीवर मी पूर्वी लिहिलेले ‘लेलिवा’ खोडून पुढील मजकूर लिहिला: हेर्ब यास्त्शेंब्येत्स, भूमी निळी, नाल आणि क्रूस सोन्याचे, तुऱ्यात ससाणा, घराणे अज्ञात, पाचगणीहून आला.